गृहकर्ज शेवटी पडतं कितीला?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे उत्तर भलतीकडे जाणार नाही. २० वर्षांचं, ८.५ टक्के बदलत्या दराचं गृहकर्ज तुम्हाला मंजूर झालंय. सोबतच्या परतफेडीच्या तक्त्यात तळाशी 'एकूण व्याज' पाहिलंत, ते कर्जाच्या रकमेपेक्षाही जास्त निघालं आणि झोप उडाली. कर्ज देणारे म्हणतात, हप्ता पगारात बसतोय ना, मग झालं. मेव्हणे म्हणतात, ३० वर्षं करून घ्या, हप्ता आणखी उतरेल. आणि तुम्हाला एवढंच कळून घ्यायचंय की हे कर्ज शेवटी पडणार कितीला.

तुम्ही तक्त्याच्या तळाकडे बघताय, ते दोघं हप्त्याकडे. माझ्या मते दोन्ही आकडे फसवे आहेत. एक उगाच घाबरवतो, दुसरा उगाच धीर देतो. मी बरीच वर्षं कर्जमंजुरीच्या टेबलामागे काढली, आता कर्जदारांच्या बाजूने त्याच टेबलासमोर बसतो. दोन्हीकडून पाहून सांगतो, कर्जाचा खर्च ठरतो 'शिल्लक मुद्दल' लिहिलेल्या रकान्यात, ज्याच्याकडे सहसा कोणी बघत नाही. किती मुद्दल, किती काळ, कोणत्या दराने अंगावर उभं राहिलं, एवढ्याचाच हा हिशेब आहे.

आकडे सगळे १ लाखाच्या कर्जावर देतो. तुमचं कर्ज जितक्या लाखांचं, तितक्याने गुणा.

८.५ टक्क्याने २० वर्षांसाठी लाखामागे हप्ता येतो ८६८. पहिल्या महिन्याचं व्याज ७०८, म्हणजे मुद्दलात गेले जेमतेम १६०. पाच वर्षांत, ६० हप्त्यांत, तुम्ही ५२,०६९ भरता आणि मुद्दल उतरतं ११,८७३. दहा वर्षांनी, अर्धी मुदत संपल्यावर, अजून ७० हजार शिल्लक असतात. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होतो तो १४३ व्या हप्त्याला, आणि निम्मं मुद्दल फिटायला १६६ हप्ते लागतात, म्हणजे १३ वर्षं १० महिने. हे आकडे समोर ठेवले की माणसं बराच वेळ काही बोलत नाहीत.

मग पहिली प्रतिक्रिया ठरलेली असते: 'म्हणजे आधी सगळं व्याज काढून घेतात!' हा समज जितका पसरलेला आहे तितकाच चुकीचा आहे. कोणी आधी काढून घेत नाही. दर महिन्याला, जेवढं मुद्दल त्या दिवशी शिल्लक आहे त्यावर ८.५ भागिले १२ टक्के, एवढंच व्याज लागतं; पहिल्या महिन्यालाही आणि २४० व्यालाही. सुरुवातीला व्याज जास्त दिसतं कारण सुरुवातीला तुम्ही जास्त पैसे वापरताय. हे नीट पटलं की पुढचे सगळे निर्णय सोपे होतात, कारण प्रत्येक वेळी एकच प्रश्न विचारायचा असतो: याने माझं मुद्दल लवकर उतरेल की आणखी रेंगाळेल?

आता तुम्हाला घाबरवणारा आकडा. २४० हप्त्यांची बेरीज होते २,०८,२७८. लाखाला दोन लाख आठ हजार. पण ही बेरीज करताना आपण आजचा पैसा आणि वीस वर्षांनंतरचा पैसा एकाच पारड्यात टाकतो. महागाई वर्षाला ५ टक्के धरली, तर शेवटच्या ८६८ च्या हप्त्याची आजच्या हिशेबाने किंमत राहते सुमारे ३२७. तुमचा पगारही तोवर तिथेच थांबलेला नसेल. ज्यांनी पंधरा-वीस वर्षांपूर्वी कर्ज काढलं त्यांना विचारा. पहिल्या वर्षी छातीवर बसलेला हप्ता शेवटी शेवटी किरकोळ वाटायला लागलेला असतो. म्हणून 'दुप्पट पैसे गेले' हे वाक्य मी कुणाच्या तोंडी ऐकलं की सावकाश त्याला थांबवतो. पैसे दुप्पट गेले, किंमत दुप्पट गेली असं नाही. अर्थात महागाई आणि पगारवाढ या दोन्ही गोष्टी तुमच्या हातात नाहीत, आणि पगार वाढेलच या भरवशावर कर्ज काढून अडकलेलीही माणसं मी पाहिली आहेत.

मेव्हण्यांच्या सल्ल्याकडे येऊ. ३० वर्षं केली तर हप्ता ८६८ चा ७६९ होतो. म्हणजे हप्त्यात साडेअकरा टक्क्यांच्या आसपास सुटका. व्याजाची बेरीज मात्र १,०८,२७८ वरून १,७६,८०९ वर जाते, जवळजवळ ६३ टक्के जास्त. आत्ताच सांगितलं की बेरजा फसव्या असतात, मग इथे ती का मोजायची? कारण महागाईने पैशाचं मोल घटतं हे दोन्ही बाजूंना सारखंच लागू आहे. महिन्याचे वाचलेले ९९ तुम्ही ८.५ टक्क्यांपेक्षा चांगल्या ठिकाणी खरोखर ठेवणार असाल, तर ३० वर्षं हिशेबात बसतात. ठेवणार असाल तर. माझ्या अनुभवात ते ९९ घरखर्चात विरघळून जातात आणि तीन महिन्यांत कुठे गेले ते सांगता येत नाही. दुसरीकडे, ज्याचं उत्पन्न बेभरवशाचं आहे त्याला लांब मुदत हा आधार असतो: हप्ता लहान, हात मोकळा, आणि चांगल्या वर्षी जास्तीचे भरायचे. त्यामुळे ३० वर्षं सरसकट वाईट म्हणणार नाही. स्वस्त मात्र नाहीत.

तुमचं कर्ज बदलत्या दराचं आहे, आणि माझ्या मते खरी मेख तिथे आहे.

दर वाढला की बहुतेक ठिकाणी हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली जाते. कर्जदाराला खिशात काही जाणवत नाही, म्हणून तक्रारही येत नाही. समजा सुरुवातीलाच दर ८.५ चा ९.५ झाला. हप्ता वाढवून २० वर्षांतच फेडायचं ठरवलं तर लाखामागे ८६८ चे ९३२ होतात, म्हणजे ६४ जास्त. हप्ता ८६८ च ठेवला तर २४० हप्त्यांचे ३०९ होतात. पावणेसहा वर्षं जास्त! एकूण भरणा पहिल्या वाटेने सुमारे २ लाख २४ हजार, दुसऱ्या वाटेने २ लाख ६८ हजार. महिन्याला ६४ टाळले, त्याची ही किंमत.

आणि याला एक कडा आहे. ८६८ च्या हप्त्यात वर्षाला १०,४१४ जातात. म्हणजे दर १०.४१ टक्क्यांच्या वर गेला की हप्ता निव्वळ व्याजालाही पुरत नाही आणि मुद्दल उलटं वाढायला लागतं. कर्ज जितकं कमी दराच्या काळात घेतलेलं, तितक्या खालच्या दरावर ही कडा येते. भारतात मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो, ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. ज्याने त्याआधी रेपोशी जोडलेलं कर्ज ६.५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतलं होतं त्याचा हप्ता लाखामागे ७४६. तो हप्ता ८.९५ टक्क्यांपर्यंतच तग धरतो, आणि दर तर ९ वर पोचला. दोन वर्षं हप्ते भरून झालेल्या माणसाचीही स्थिती फार वेगळी नव्हती. हप्ता तोच ठेवला तर उरलेल्या २१६ महिन्यांचे ४११ होत होते.

त्या दिवसांत माझ्याकडे एक गृहस्थ स्टेटमेंट घेऊन आले होते. कागदाला चार घड्या, 'उर्वरित हप्ते' या ओळीखाली निळ्या पेनाने तीन रेघा. 'एकही हप्ता चुकवला नाही हो मी. मग घेतले तेव्हा होते त्यापेक्षा जास्त हप्ते कसे उरले?' त्यांना दरवाढीचा संदेश मोबाईलवर आला होता, दर वेळी आला होता. त्यात मुदत वाढल्याचं लिहिलेलंही होतं. हप्ता बदलला नाही म्हणून त्यांनी पुढचं वाचलं नव्हतं, आणि यात त्यांना फार दोष देता येत नाही. पुढे ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढून सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायला हवा आणि मुद्दल उलटं वाढू देता कामा नये. नियम आहे. पण पर्याय मागावा लागतो; न मागणाऱ्याच्या वाट्याला बहुधा मुदतवाढच येते.

हे सगळं तुमचं कर्ज कोणत्या पद्धतीचं आहे यावर अवलंबून आहे, हेही सांगायला हवं. अमेरिकेत ३० वर्षं एकच स्थिर दर सर्रास मिळतो. तिथला कर्जदार दर उतरले की नवं कर्ज काढून जुनं फेडतो आणि चढले की गप्प बसतो. कॅनडात परतफेड २५ वर्षांची असली तरी दर बहुधा पाच वर्षांपुरता बांधलेला असतो, मग पुन्हा वाटाघाट. जर्मनीत स्थिर दराचं कर्ज मुदतीआधी फेडलं तर नुकसानभरपाई मागतात, पण पूर्ण कर्ज हातात पडून दहा वर्षं झाली की सहा महिन्यांची सूचना देऊन ते मोडता येतं. भारतात व्यक्तीने घर घेण्यासाठी काढलेल्या बदलत्या दराच्या कर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही. स्थिर दर थोडा महाग असतो, कारण दर चढण्याची जोखीम तुमच्याऐवजी दुसरा कुणीतरी उचलतो. तो जादा अर्धा-एक टक्का म्हणजे विम्याचा हप्ता समजा. घ्यायचा की नाही, ते तुमच्या उत्पन्नात किती ऊब आहे त्यावर.

आता छोट्या गळत्या. या एकेकट्या किरकोळ दिसतात.

प्रोसेसिंग फी १ टक्का असेल तर तुमच्या हातात खरं तर ९९ हजार येतात आणि व्याज लाखावर. पूर्ण २० वर्षं कर्ज चाललं तर खरा दर ८.५ ऐवजी ८.६४ होतो, फार नाही. पण तीन वर्षांत घर विकलं किंवा कर्ज दुसरीकडे नेलं तर तोच दर ८.८९ पडतो. एकरकमी खर्च जितक्या कमी वर्षांवर पसरतो तितका तो जड. म्हणून दोन ठिकाणचे देकार ताडताना 'मी हे कर्ज साधारण किती वर्षं ठेवणार' हे आधी स्वतःला विचारा. खर्च धरून येणारा वार्षिक दर कर्जदाराला सांगितलाच पाहिजे, हा नियम अमेरिकेत १९६८ च्या कायद्याने आला. भारतात १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या रिटेल, म्हणजे व्यक्तींनी घेतलेल्या, कर्जांच्या माहितीपत्रकात तो द्यावा लागतो. जाहिरातीतला दर सोडा, तो आकडा बघा. तरी त्यातही गृहीत हेच असतं की कर्ज पूर्ण मुदत चालेल.

विमा हा दुसरा प्रकार. कर्जाला जोडून एकरकमी हप्त्याचा विमा देतात आणि ती रक्कम कर्जातच मिळवतात. लाखामागे ३,००० चा विमा असा मिळवला की हप्ता फक्त २६ ने वाढतो, त्यामुळे कुणी हरकत घेत नाही. वीस वर्षांत त्या ३,००० चे ६,२४८ भरले जातात. विमा नको असं मी म्हणत नाही. कमावणारं माणूस एकच असेल तर हवाच. पण तो स्वतंत्र घ्या, दरवर्षी हप्ता भरा, आणि कर्जाला जोडलेला विमा सक्तीचा आहे असं कोणी म्हटलं तर ते लेखी मागा. लेखी मागितलं की सक्ती बऱ्याचदा विरते.

बांधकाम चालू असलेलं घर असेल तर आणखी एक. टप्प्याटप्प्याने पैसे सुटत असताना फक्त व्याज भरायचं असतं, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. सरासरी निम्मी रक्कम दोन वर्षं अशी उभी राहिली तर लाखाच्या कर्जावर ८,५०० जातात आणि मुद्दल एका पैशाने हलत नाही. तक्त्याच्या तळाच्या बेरजेत हे सहसा धरलेलंच नसतं. ताबा लांबला की हे लांबतं.

कर्ज दुसरीकडे नेण्याबद्दल, म्हणजे बॅलन्स ट्रान्सफरबद्दल, तुम्ही विचारलं नाहीत. पण तीन-चार वर्षांत फोन येऊ लागतील, म्हणून आत्ताच लिहितो. पाच वर्षांनी शिल्लक ८८,१२७ आहे, समोरचा ८ टक्के देतो म्हणतो आणि हप्ता ८६८ चा ७३७ करून दाखवतो. दर कमी, हप्ता कमी, छान. फक्त मुदत पुन्हा २० वर्षांची झालेली असते. जुन्या ठिकाणी उरलेल्या १५ वर्षांत १,५६,२०८ भरायचे होते. आता १,७६,९११ भरणार. कमी दराने जास्त पैसे, कारण मुद्दल आणखी पाच वर्षं रेंगाळतं. तेच कर्ज ८ टक्क्याने नेऊन हप्ता मात्र जुना ८६८ च ठेवला तर ते १७० महिन्यांत फिटतं, दहा हप्ते वाचतात. बदलीचा खर्च यातून वजा करा आणि मग ठरवा. मी टेबलामागे असताना मुदत आपणहून कमी मागणारे ग्राहक बोटावर मोजण्याइतके आले.

मुदतपूर्व फेडीचा हिशेब लोकांना फार आवडतो, आणि त्यातच लोक थोडे वाहवतात. पहिल्या वर्षाच्या शेवटी लाखामागे ५,००० जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर २६ हप्ते वाचतात, म्हणजे जवळपास २२,८००. तेच ५,००० पंधरा वर्षांनी भरले तर साडेआठ हप्ते वाचतात, सुमारे ७,४००. यावरून 'सुरुवातीचे पैसे जादूचे' असं सांगितलं जातं. जादू काही नाही. दोन्ही वेळा तुमच्या ५,००० वर परतावा तोच मिळाला, वर्षाला ८.५ टक्के; एकदा जास्त वर्षं मिळाला, एकदा कमी. तेव्हा तुलना सरळ आहे: कर वजा जाता ८.५ टक्क्यांपेक्षा जास्त, तेही खात्रीचा, परतावा दुसरीकडे मिळत असेल तर तिथे ठेवा. नसेल तर मुद्दलात भरा. पण सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेवल्याशिवाय एकही जास्तीचा हप्ता भरू नका. मुद्दलात गेलेला पैसा अडीअडचणीला परत येत नाही. नोकरी गेल्यावर 'मागच्या वर्षी मी जास्त भरले होते' हे कारण कुणी ऐकून घेत नाही.

व्याजावर करसवलत मिळत असेल तर तेवढ्याने तुमचा दर खाली येतो, इतकंच. कर वाचावा म्हणून कर्ज चालू ठेवणं मला कधी पटलेलं नाही. वाचणारा कर हा भरलेल्या व्याजाचा एक हिस्सा असतो, बाकीचं व्याज तुमच्याच खिशातून गेलेलं असतं. भाडं बरं की घर, हा वेगळाच वाद आहे. त्यात मी पडत नाही, कारण तुम्ही घर ठरवलेलं आहे.

तुमच्या जागी मी असतो तर सही करण्याआधी एक गोष्ट तपासली असती. दर १०.५ टक्के झाला तर लाखामागे हप्ता ९९८ येतो. आजच्या पगारात, पगारवाढ न धरता, तो पेलतो का? पेलत असेल तर २० वर्षंच ठेवा आणि दर वाढला की हप्ता वाढवा म्हणून लेखी कळवा. ओढाताण होत असेल तर ३० वर्षांकडे वळण्याआधी कर्जाची रक्कम थोडी कमी करता येते का बघा. तेही शक्य नसेल तर लांब मुदत घ्या, मात्र जास्तीची फेड विनादंड करता येते याची खात्री करून. आणि दरवर्षी एकदा स्टेटमेंट काढून फक्त दोन आकडे वहीत लिहून ठेवा: शिल्लक मुद्दल आणि उर्वरित हप्ते. दुसरा आकडा वर्षाला बारानेच उतरला पाहिजे. कमी उतरला असेल तर त्याच आठवड्यात फोन करा.

मंजुरीपत्रात दर कशाशी जोडलाय, किती महिन्यांनी बदलणार आणि बदलला की आधी हप्ता हलणार की मुदत, हे एका परिच्छेदात लिहिलेलं असतं, बहुधा मागच्या पानावर बारीक अक्षरात. तो परिच्छेद जसाच्या तसा उतरवून पाठवा. त्यात काय निघतं त्यावर वरचा अर्धा सल्ला बदलू शकतो.